झिनियांच्या ताटव्यातले पान

पिपरी मेघे
शुक्रवार, २१ सप्टेंबर १९७९
दुपारी ३ वाजता

श्री. बाबाराव रूपराव ढगे यांस,

आज दिनांक २१ सप्टेंबर रोजी, दुपारी बारा वाजून वीस मिनिटांनी, आपण आपल्या व माझ्या घरामधली भिंत ओलांडून माझ्या बागेत उडी मारलीत. अंगात सदरा नव्हता. हातात पत्रावळ होती. आपण झिनियांवर उतरलात. ताटव्याच्या मधोमध ती पत्रावळ ठेवलीत, हात जोडलेत आणि कॉसमॉसवरून परत गेलात. जाताना हात जोडलेले नव्हते. एका हाताने धोतर व दुसऱ्याने माझा तेरडा धरला होता. तेरडा मुळासकट आपल्याबरोबर भिंतीपर्यंत गेला. तिथे तो आपण सोडलात.

वेळ मी घड्याळात पाहिली. आयुष्यभर टेलिफोन एक्सचेंजमध्ये काम केले आहे. कोण कुणाशी कधी बोलले हे टिपण्याची सवय निवृत्तीबरोबर जात नाही.

माझ्या बागेविषयी आपल्याला काही माहीत नाही असे आपण म्हणू शकत नाही. मी प्रत्येक हंगामात त्या हंगामाची फुले लावते आणि ताटव्यांच्या आत, झाडांच्या बुडाशी, ज्वारी आणि तांदळाची कणी टाकते. उघड्यावर टाकलेले दाणे पारवे खातात आणि पाखरांना मांजर खाते. फुलांच्या आडोशाला चिमण्या निवांत खातात, बुलबुलांना किडे मिळतात, आणि खारींनाही काही कमी पडत नाही. हे मी कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर बेनेडिक्टा यांच्याकडून शिकले. आपण मात्र पोळ्याच्या दिवशी तानबा पोस्टमनपाशी माझ्या बागेला "पाखरायची खानावळ" म्हणालात. तानबाने ते मला सांगितले. त्यामुळे आज ताट वाढून आणण्यामागचा विनोद माझ्या लक्षात आला आहे.

आज सर्वपित्री अमावस्या आहे हेही मला ठाऊक आहे. कावळ्याचे पान आपापल्या गच्चीवर ठेवतात. शेजाऱ्यांच्या झिनियांत ठेवण्याची प्रथा असल्यास तिचा आधार कळवावा.

झाल्या प्रकाराचा लेखी खुलासा, लेखी माफी, आणि मोडलेल्या ताटव्याची स्वतःच्या हाताने पुन्हा लागवड, एवढे मला हवे आहे. उत्तर गुरुवार, २७ सप्टेंबर, सायंकाळी पाचच्या आत मिळावे. भिंतीवरून बोलणे मी आजपासून बंद केले आहे.

अनुसया वऱ्हाडपांडे


पिपरी मेघे
२५ सप्टेंबर ७९

अनुसयाबाई यांस बाबाराव ढगेचा रामराम.

तुमचं पत्र काल भेटलं. भिंतीच्या तिकडून इकडं याले ते वर्ध्याच्या मोठ्या पोस्टात जाऊन आलं. तानबा देताना हासून राह्यला होता.

फुलं मोडली हे खरं हाय. माफी मागतो. थट्टा नोयती बाई, बापूची शपथ.

आमचे बापू रूपराव जाऊन सव्वा वर्ष झालं. तुमी त्याईले ओळखत होत्या, भिंतीवर कोपर टेकून तुमच्या पाखराईकडे पाहत राहत. त्याईच्या दहाव्याले पवनारले गेलतो, धाम नदीच्या काठावर. पिंडाले कावळा शिवला नाई. दुपार झाली, मंग भटजीनं दर्भाचा कावळा करून शिववला. तवापासून मायच्या मनात बसलं का बुढ्याचं काई तरी राहून गेलं. या अमावस्येले ते म्हणे, कावळा पान घेईन तवाच मी तोंडात घास घालीन. आदल्या रातीपासून उपाशी होती.

गच्चीवर पान ठेवलं. एक कावळा येईना. येतील कुठून. सारे तुमच्या इथं. सकाळपासून तुमची ज्वारी खाऊन तट्ट झाले होते. मी काव काव करून राह्यलो आणि ते तुमच्या भिंतीवर बसून माह्याकडे असे पाहून राह्यले जसे जेवणाच्या सुट्टीतले बाबू. म्हणून म्हटलं, ते इकडं येत नाई त पान तिकडं नेऊ. गेटाले कुलूप. हाका मारल्या. तुमी खिडकीत होत्या, मले दिसत होत्या. मंग भिंत.

सदरा नोयता कारण पान ठेवताना घालत नाईत.

घरी येऊन मायले सांगतलं का कावळ्यानं घेतलं. तवा जेवली. पण मी थांबलो नोयतो, तुमच्या भेवानं. तुमी खिडकीतून पाह्यलं असंन. घेतलं ना बाई?

आपला
बाबाराव


पिपरी मेघे
गुरुवार, २७ सप्टेंबर १९७९

श्री. बाबाराव यांस,

आपले उत्तर मुदतीत मिळाले. माफी नोंदवून घेतली आहे. कुलपाबाबत: दुपारी बारा ते चार मी कुणालाही भेटत नाही. खिडकीत उभे राहणे म्हणजे भेटणे नव्हे.

आपण विचारले म्हणून सांगते. नाही.

आपण भिंतीपलीकडे गेल्यावर एक कावळा येऊन बसला. त्याने पत्रावळीकडे पाहिले, मान वाकडी करून पुन्हा पाहिले आणि तो सिंदी मेघेच्या दिशेने उडून गेला. त्यानंतर एक खार आली. ती पत्रावळीच्या काठावर बसली, उडदाचा वडा दोन्ही हातांत धरला आणि तो फिरवून फिरवून शेवटपर्यंत खाल्ला. भात साळुंक्यांनी नेला. कढी जमिनीत मुरली. कोहळ्याच्या भाजीला कुणी हात लावला नाही. ती मी दुसऱ्या दिवशी उचलली.

आपल्या वडिलांविषयी मला आदर होता. ते पाखरांकडे पाहत आणि बोलत नसत. हे दोन्ही गुण आपल्या घरात त्यांच्यापाशीच थांबलेले दिसतात.

आपण आईंना जे सांगितलेत तो आपला प्रश्न आहे. मात्र त्यांनी मला विचारले, तर मी पाहिले तेच सांगेन. कॉन्व्हेंटमध्ये अकरा वर्षे काढल्यावर खोटे बोलायला जीभ वळत नाही. ही बढाई नाही, अडचण आहे. पण ती आहे.

लागवड केव्हा करणार हे आपण लिहिलेले नाही.

अनुसया वऱ्हाडपांडे


शनिवार

अनुसयाबाई,

हे पत्र टपालात टाकत नाई. ते वर्ध्याले जाऊन येईस्तोर दसरा होऊन जाईन. तुमच्या गेटाच्या कडीत खोचून ठेवतो.

माय दसऱ्याले सोनं घेऊन तुमच्याकडे येणार हाय. मी म्हटलं मीच देऊन येतो, त म्हणे तू भिंतीवरून जाशील. विचारल्याबिगर राहणार नाई ते. तुमी खार म्हणाल त पुन्हा अन्न सोडंन. मागच्या साली दहाव्यानंतर चार दिवस नुसत्या पाण्यावर काढले, डॉक्टर बोलवा लागला. पंच्याहत्तरीची बाई हाय, दुसऱ्यांदा सोसणार नाई.

खोटं बोला म्हणत नाई. तुमी विषय बदलून टाकजा. पावसाचं काढजा, नाईत माह्याविषयी बोलजा, मले नावं ठेवाले तुमाले विषय कमी पडणार नाई. फक्त खार म्हणू नका बाई.

झेंडूची रोपं आणली हाये. गेट उघडाल त लावून देतो.

बाबाराव


पिपरी मेघे
मंगळवार, २ ऑक्टोबर १९७९

श्री. बाबाराव यांस,

दसऱ्याच्या सायंकाळी सहा वाजता आपल्या मातोश्री मनकर्णाबाई माझ्याकडे आल्या. भिंत नको म्हणून रस्त्याने पूर्ण वळसा घालून आल्या होत्या. मग त्यांनी आपट्याची पाने माझ्या हातात दिली आणि हात सोडला नाही.

"बाई," त्या म्हणाल्या, "बाबा म्हणते तुमी खिडकीत होत्या. कावळ्यानं घेतलं ना पान?"

मी पावसाचा विषय काढला. त्या म्हणाल्या, "पडला पाऊस. पान घेतलं का?"

मी आपल्याविषयी बोलायला सुरुवात केली. त्या म्हणाल्या, "त्याले मी ओळखतो. पान सांगा."

खरे सांगण्याची माझी पूर्ण तयारी होती. वाक्य तयार होते. त्यांच्या मनगटावर काचेच्या बांगड्यांची जुनी खूण अजून फिकट दिसत होती आणि हात वजनाला काहीच नव्हता. मी म्हणाले, "घेतले."

"भात घेतला का वडा?"

"वडा."

"कसा?"

"चोचीत धरून."

यानंतर त्यांनी माझ्याकडे बराच वेळ पाहिले आणि चहा मागितला. चहा दोन कप घेतला.

अशा रीतीने आपल्यामुळे मी एका बैठकीत तीनदा खोटे बोलले. तिन्ही विधानांची जबाबदारी मी आपल्यावर टाकते. मनकर्णाबाईंसमोर ती मागे घेणे आता शक्य नाही. राहता राहिला एकच मार्ग: पुढच्या सर्वपित्री अमावस्येला कावळ्याने माझ्या बागेतून वडा चोचीत धरून न्यायला हवा. वर्षभर उशिरा का होईना, वाक्य खरे होईल. ते खरे होण्यासाठी मी माझ्या बाजूने काय ते करीन. आपण आपल्या बाजूने मध्ये येऊ नये.

झेंडू आपण सरळ रांगेत लावलेत. तो ताटवा आहे, कपाशीचे शेत नाही. मी ते उपटून पुन्हा लावले आहेत.

अनुसया वऱ्हाडपांडे


पिपरी मेघे
२० जुलै ८०

अनुसयाबाईस रामराम.

मधात पत्र लिहिलं नाई कारण तुमचं भांडण आलं नाई. बरं वाटत होतं आणि थोडं चुकल्यासारखंही.

उन्हाळ्यात माय अंगणात पडली हे तुमाले माहीत हाय. कंबर बसली ते बसलीच. आता उचलून बसवा लागते. तुमी रोज दुपारी चारच्या नंतर येऊन बसता, मले बायको रुख्मिणी सांगते. तुमी आल्या का मी वावरात जातो.

मुद्द्याचं लिहितो. कालपासून मायनं नवीन काढलं. म्हणे, येत्या सर्वपित्रीले मले अनुसयाबाईच्या वऱ्हांड्यात नेऊन बसव. कावळा पान घेते ते मी सोताच्या डोळ्यानं पाहीन, पुढच्या साली मी असो का नसो. मी म्हटलं गेल्या साली घेतलं ना. त म्हणे, घेतलं, पण मी नाई ना पाह्यलं. असं म्हणून माह्या तोंडाकडे पाहत राह्यली. बाई, साल झालं मले तिच्या डोळ्यात पाहणं होत नाई. समोर ताट ठेवतो आणि भिंतीकडे पाहतो.

आता कावळा नाई आला त काय? तिच्यासमोर खार येऊन वडा खाईन, आणि ते म्हणंन का गेल्या सालीही तू खोटं बोलला. तिच्या शेवटच्या वक्ताले मले खोटा म्हणून जाईन ते. बाकी मले काई नको.

तुमी आठ दिवस दाणे टाकणं बंद करजा, म्हणजे कावळे भुकेले राहतील. कारंज्याच्या वावरातली ज्वारी पाठवली हाय. मायनं सांगतलं का फुलाईत टाकजा.

बाबाराव


पिपरी मेघे
रविवार, १४ सप्टेंबर १९८०

श्री. बाबाराव यांस,

ज्वारी मिळाली. दाणे बंद करणार नाही. चिमण्यांनी आपल्या घरचे काही घेतलेले नाही, त्यांनी आठ दिवस का उपाशी राहावे? शिवाय भुकेला कावळा आधी दिसेल त्याचे खातो. मला ठरलेल्या जागी येऊन ठरलेली वस्तू घेणारा कावळा हवा आहे. तो उपासाने होत नाही, सवयीने होतो.

यंदाची लागवड मी त्याच हिशोबाने केली. भिंतीच्या कडेने सूर्यफूल आणि उंच कॉसमॉस लावले. लहान पाखरांचे दाणे त्यांच्या आत पडतात. तेथे कावळा शिरत नाही, त्याला पंख उघडायला जागा लागते. मधल्या ताटव्यात चहूकडे झिनिया आहेत आणि मध्यभागी पत्रावळ मावेल एवढी जमीन मोकळी सोडली आहे. नारळी पौर्णिमेपासून मी तिथे रोज दुपारी बारानंतर पळसाच्या पानावर एक उडदाचा वडा ठेवते. दुपारी बारा ते चार मी कुणालाही भेटत नाही हा नियम या कावळ्यापुरता शिथिल केला आहे.

कावळा येतो. एका पायाने किंचित लंगडा आहे. पहिले काही दिवस तो भिंतीवर बसून माझी परीक्षा घेत असे. आता मी पान ठेवून वळते न वळते तोच उतरतो आणि वडा चोचीत धरून आपल्या गच्चीवर जाऊन खातो. आपल्या गच्चीवर वड्याचे तुकडे का पडतात असे रुख्मिणी विचारत होत्या. त्यांना हे सांगावे.

अडचण खारीची आहे. तीही बारालाच येते, आणि तिला वडा कुणाचा हे समजावता येत नाही. म्हणून तिला पावणेबारा वाजता मागच्या पेरूखाली शेंगदाणे देण्यास सुरुवात केली आहे. ती तिथे बसून राहते.

अमावस्येच्या दिवशी आईंना खुर्चीसकट फाटकातून आणावे. कुलूप साडेअकराला काढीन. सदऱ्याचा प्रश्न मी आपल्यावर सोपवते.

अनुसया वऱ्हाडपांडे


पिपरी मेघे
२२ सप्टेंबर ८०

अनुसयाबाई,

तुमचं पत्र रुख्मिणीले वाचून दाखवलं. ते म्हणे एक भानगड हाय. पानावरचं सारं आमच्याच घरात शिजलं पायजे, वडा तुमचा चालणार नाई. आणि कावळ्याले आता तुमच्या वड्याची चव लागली. त्या दिवशी आमचा वडा पाहून तो तोंड फिरवंन त?

म्हणून उद्यापासून रोज सकाळी रुख्मिणी आमच्या घरचा एक वडा पाठवीन. तोच ठेवजा. ते म्हणे, तुमच्या वड्यात मिरं कमी पडते, मी खाऊन पाह्यला होता, पण बाईले सांगू नका. मी सांगून राह्यलो कारण तुमाले खरं आवडते.

बाबाराव


पिपरी मेघे
बुधवार, ८ ऑक्टोबर १९८०
दुपारी ४ वाजता

श्री. बाबाराव यांस,

आज दुपारी बारा वाजून दहा मिनिटांनी आपण फाटकातून येऊन पत्रावळ मोकळ्या जागेत ठेवलीत. एकही झिनिया मोडली नाही, हे नोंदवते. आपण मागे सरताच लंगडा कावळा उतरला, रुख्मिणींचा वडा चोचीत धरला आणि सर्वांच्या देखत आपल्या गच्चीवर गेला. आपण वर्षभरानंतर प्रथमच आईंच्या डोळ्यांत पाहिलेत आणि लगेच रुख्मिणींना सांगायला धावत गेलात. ते धावणे सिमेंटच्या पायवाटेवरून झाले. येथपर्यंत माझी तक्रार नाही.

तक्रार पुढे आहे. आपण गेल्यावर वऱ्हांड्यात मनकर्णाबाई आणि मी दोघीच होतो.

त्या म्हणाल्या, "बाई, ते खार कुठी हाय?"

मी विचारले, कोणती खार.

"गेल्या साली वडा खाल्ला ते."

त्या म्हणाल्या, "मी आमच्या गच्चीच्या पायरीवर बसलेली होती. बाबाले वाटलं मी खाली हाव. तिथून तुमची सारी बाग दिसते. दोन हातात वडा धरला आणि फिरवू फिरवू खाल्ला तिनं. आमचे बुढे असेच खात. समोरचे दात नोयते ना त्याईले. तवाच समजली मी का पोहोचलं. म्हणून त जेवली. बाबा येऊन कावळा कावळा करून राह्यला. म्हटलं, करू दे."

मी विचारले, मग दसऱ्याला मला का विचारलेत?

"बुढे म्हणत, बाई तिखट हाय पण आपली हाय. म्हटलं पाहून घेऊ."

"काय पाहिले?"

"चोचीत धरून, म्हणल्या तुमी." एवढे बोलून त्या हसू लागल्या, आणि कंबर दुखेपर्यंत हसल्या. मला त्यांना धरावे लागले.

मी म्हणाले, तुमचे समाधान गेल्या वर्षीच झाले होते, तर यंदा या कावळ्याचा खटाटोप कशाला? मी दीड महिना उन्हात वडे ठेवले.

"बाबासाठी," त्या म्हणाल्या. "मले खोटं सांगतलं म्हणून साल झालं माह्याकडे पाहत नाई तो. मी मेली असती त तसाच राह्यला असता. आता पाह्यलं ना त्यानं. झालं." मग म्हणाल्या, "त्याले तुमी लिहजा. मले तोंडानं सांगाले लाज वाटते."

त्याप्रमाणे लिहीत आहे.

आता माझे म्हणणे. मी तीनदा खोटे बोलले ते ज्यांच्यासाठी, त्यांना ते ऐकतानाच खोटे आहे हे माहीत होते. ते खरे करण्यासाठी मी एक कावळा वळवला, आणि तोही, आता कळते, त्यांच्यासाठी नव्हता. याला माझ्या शाळेत एक नाव होते, ते वयोवृद्ध व्यक्तीविषयी वापरणार नाही. मी त्यांना चहा दिला. त्यांनी दोन कप घेतला.

परंतु यातून एक गंभीर गोष्ट निघते. गेल्या वर्षी पान घेणारी ती खार जर आपले वडील होते, तर आज पावणेबारा वाजता मी त्यांना शेंगदाणे देऊन मागच्या बाजूला पेरूखाली बसवून ठेवले, आणि त्यांचे पान त्यांच्या डोळ्यांदेखत एका लंगड्या कावळ्याला खाऊ घातले. हे मी अजाणता केले. शेंगदाणे भाजलेले होते आणि त्यांनी ते सर्व खाल्ले, एवढेच माझ्या बाजूने सांगता येईल. याबद्दल आपल्या घरात कुणाचा आक्षेप असल्यास तो स्पष्ट शब्दांत कळवावा.

तसेच हेही कळवावे की पुढच्या वर्षी पाने एक की दोन. हिवाळी फुलांसाठी मी वाफे नव्याने आखणार आहे, आणि झिनियांमध्ये किती जागा मोकळ्या ठेवायच्या हे समजल्याशिवाय मला ॲस्टर लावता येत नाहीत. मनकर्णाबाईंनी येताना वळसा घालू नये यासाठी भिंतीला मधोमध एक लहान फाटक करण्यास माझी हरकत नाही. कुलूप माझ्या बाजूला राहील.

या तिन्ही बाबींचे लेखी उत्तर शुक्रवार, १७ ऑक्टोबर १९८०, सायंकाळी पाचच्या आत मला मिळाले पाहिजे. तोंडी निरोप चालणार नाही. पानांविषयीच्या उत्तरावर मनकर्णाबाईंचा अंगठा असावा, आणि तो उठवताना त्यांनी हसू नये.

अनुसया वऱ्हाडपांडे